पाळण्याची दुसरी बाजू

आयर्लंडमध्ये, मेयो परगण्यातल्या माझ्या सासरघरी, १९०१च्या जनगणनेत, डेलिया नावाची मुलगी आहे. वय आठ महिने. १९११च्या कागदावरही डेलिया, आठ महिने. १९२६मध्येही तेच.

माझ्या ऑर्लाला कालच आठ महिने झाले, म्हणून घाबरून नवऱ्याच्या ब्रीज आत्यांना विचारलं, "एक वारली की तेच नाव पुढचीला ठेवत असतील ना?"

"वारेल कशाला, बाई? जनगणनेच्या रात्री घरात जो झोपतो, तो लिहायचा. एवढी शिकलीस ती कशासाठी?"

आज आमचा जनगणनेचा फॉर्म आला. मी आम्हा तिघांची नावं लिहिली आणि पाळण्याकडे पाहिलं. कुणाला तरी जागा द्यावी तशी ऑर्ला कडेला सरकून हसत होती.

गारठा होता. मी पांघरूण रिकाम्या बाजूवरही ओढलं.

ते सपाट बसलं नाही.