खोलीचा आवाज

पडद्यावर ताईचा चेहरा आला, केवढा तरी मोठा, आणि पार्लरच्या चौघी सरसावून बसल्या.

“भुवया बघ कशा रेखीव दिसतायत,” एक कुजबुजली.

“माझ्या मीच केल्यात,” ताई म्हणाली.

दुपारचं पार्लर बंद ठेवून ती सगळ्यांना घेऊन आली होती. का नाही आणणार? माहितीपट तिच्या धाकट्या बहिणीचा होता. शूटिंग तिचं, एडिटिंगही तिचंच. विषय, घराबाहेर ठेवलेली म्हातारी माणसं. आणि त्यात चक्क त्यांची स्वतःची आई, आणि ताई.

कॅमेऱ्यामागून धाकटीचा आवाज आला, “आईला वृद्धाश्रमात का ठेवलंस?”

ताई पुढचं मनातल्या मनात म्हणू लागली. आई गॅस चालू ठेवून घराबाहेर पडायची. कुठल्या कुठे जाऊन बसायची. एकदा तर ताईलाच चोर समजून कडकडून चावली. शूटिंगच्या दिवशी हे सगळं तिने धाकटीला सांगितलं होतं, नाक पुसत पुसत, आयुष्यात पहिल्यांदा.

पडद्यावरची ताई काहीच बोलली नाही. भिंतीकडे बघत राहिली. मग तिने मान खाली घातली. मग खिडकीशी बसलेली आई दिसली.

मागच्या रांगेत कुणीतरी ‘च्’ केलं. शेजारी बसलेली पार्लरमधली एकजण उगाच पर्समध्ये काहीतरी शोधायला लागली.

ताईला तो क्षण लख्ख आठवला. बोलून झाल्यावर धाकटी म्हणाली होती, “आता जरा कुणी बोलू नका, हलू नका. नुसता खोलीचा आवाज घ्यायचाय, एडिटिंगला लागतो.” आणि ताई शहाण्या मुलीसारखी भिंतीकडे बघत गप्प बसली होती. कॅमेरा चालूच होता.

दिवे लागले. टाळ्या काही थांबेनात. लोकांच्या मिठ्यांतून सुटत धाकटी ताईपाशी आली, नाकाचा शेंडा लाल, गालभर हसू.

“ताई, तू कसलं धरून ठेवलंस गं सगळ्यांना. तुझी ती शांतता म्हणजे...”

“ती माझी नव्हती. खोलीची होती.”

धाकटीचं हसू जरा ओसरलं. तिने आवाज खाली आणला. “हे बघ, तुला वाईट ठरवायचं नव्हतं मला. तुझ्यासारख्या कितीजणी आहेत. त्यांच्यासाठी आहे हे.”

“मग मी जे बोलले ते कुठे गेलं?”

“अगं, एवढं सगळं कोण ऐकत बसणार?”

ताईने पर्स खांद्याला अडकवली. पार्लरच्या चौघी तिच्यासाठी न थांबता दारापर्यंत पोचल्या होत्या.

“मला वाटलं, तू ऐकत होतीस,” ती म्हणाली.