पाठीचा फेटा

"सांगून कुनाला खरं वाटायचं न्हाई, पन ही पाठ माजीच हाय!" सोनबानं पेपरातल्या फोटोवर बोट आपटलं.

यात्रा कमिटीचा चिमाजी चष्मा पुसून वाकला. फोटोत एक टोपी, एक सदरा आणि पलीकडे चाकणच्या ट्रॅफिकमध्ये तुंबलेले कंटेनर. असली पाठ निघोज्यात घरटी एक सापडेल. पण ओदिल नावाच्या फ्रेंच बाईनं तिच्यावर अख्खा सिनेमा काढला, तिकडं त्याला बक्षीस मिळालं. आता यात्रेत त्या पाठीच्या मालकाला फेटा बांधायचा होता. मालक नक्की करायचं काम चिमाजीकडं. सोनबाच्या डोक्याला लग्नानंतर फेटा असा लागलाच नव्हता.

सोनबाच्याच ओट्याच्या कडेला शेजारचा रोहिदास रस्त्याकडं तोंड करून बशीतला चहा फुंकत होता.

सोनबाला चेव चढला. बाई आपल्याच मांडीवर लहानाची मोठी झाल्यासारखी त्यानं तिची कारकीर्द सांगितली. पहिल्या सिनेमात नुसतं कपडे धुण्याचं मशीन फिरतं. दुसऱ्यात खिडकीपाशी एक बाई. तिसऱ्यात बाईसुद्धा काढून टाकली, उरली खिडकी. दाखवायचं जेवढं कमी, तेवढं बक्षीस मोठं!

"तिला नट नको, गानं नको. तोंड दावलं की सिनेमा हलका हुतो म्हनं. म्हनून पाठ."

"आन् तुला काय करायला लावलं?"

"कायबी न्हाई! त्येच तर अवघड, राव. सकाळी बांधावर बसवलं, दिस कलला तरी क्यामेरा चालूच. एक शब्द बोललं की पुन्ना पयल्यापासनं. आदी चौघांना हाकललं तिनं. मी मातूर मुका! नाकावर माशी बसली, हू का चू न्हाई. बाई रडली वो! म्हनली, असा गप मानूस उभ्या युरोपात न्हाई."

चिमाजीनं मान डोलावली. "फेटा भगवा का गुलाबी?"

"गुलाबी," सोनबा म्हणाला, आणि त्यानं टोपी काढून मांडीवर ठेवली.

तेवढ्यात त्याची बायको अंबुबाई किटली घेऊन बाहेर आली.

"अवं, दिसभर गप? तुमी? झोपंत सुदिक तोंड मिटत न्हाई तुमचं! त्या हाकलल्याल्या चौघांतलं पयलं तुमीच." तिनं रोहिदासकडं हात केला. "आन् ती पाठ बघाया पेपर कशाला? ती काय, म्होरं बसलीया. आजून गपच!"