धुपापुढचा फोटो

यान पेईलिन कॅमेरा घेऊन मागे मागे चालला होता. अंगणातून बांधावर, बांधावरून ओढ्यापलीकडच्या टेकाडावर.

अंगणात, कड्यात कोरलेल्या मातीच्या घरापुढं, त्याचा म्हातारा बाप नवा निळा कोट घालून तिवईवर बसला होता. मरणाची सगळी तयारी झाली होती. शवपेटीसुद्धा करून ठेवलेली. तूर्त तिच्यात राळे साठवले होते. राहिला होता तो मेल्यावर पुढं धूप लावायला लागणारा फोटो. "तो माझ्या लेकानंच काढायचा," असा म्हाताऱ्याचा हट्ट. लेक सिनेमाचा नावाजलेला छायाचित्रकार.

टेकाडावरून चौकट जमली. वर बोटभर आकाश, खाली नुसते उघडे पिवळे डोंगर, आणि तळाशी तिळाएवढा माणूस. याच चौकटीनं तीस वर्षं त्याचं नाव केलं होतं. ढग सरकेपर्यंत तो थांबला.

"अरे, आहेस की गेलास परत बीजिंगला?" बाप ओरडला.

फोटो काढून तो उतरून आला. थोरल्या बहिणीनं, सूमेईनं, कॅमेऱ्याच्या पडद्यावर पाहिलं.

"यात बा कुठाय?"

त्यानं बोट ठेवून दाखवला.

"घे जा याचं बक्षीस! मी रोज धूप कुणाला दाखवू? डोंगराला?"

म्हातारा हसला. "जवळ ये की. चावत नाही मी. दातच नाहीत."

पेईलिन जवळ गेला. अगदी हातभर अंतरावर. कॅमेऱ्याच्या काचेतून बापाचा चेहरा चौकटभर झाला. इतका मोठा त्यानं तो कधी पाहिलाच नव्हता. उजव्या डोळ्यावर साय धरली होती. डावाही मिणमिणता.

"बा, डोळे कधी गेले?"

"उजव्याला झाली दोन वर्षं. डाव्याला अजून उजेड कळतो."

"सांगितलं नाहीस?"

"फोन केला की तू म्हणायचास, उजेडाच्या मागं आहे. म्हटलं, कशाला आडवं यायचं."

पेईलिन डोळ्याला कॅमेरा लावून तसाच पाहत राहिला. म्हातारा मान तिरकी करून कानोसा घेत राहिला.

"गेलास का रे पुन्हा लांब?"

"नाही बा. इथंच आहे. तुझ्यापुढं."

म्हाताऱ्यानं हात पुढं केला. बोटं वाऱ्यात चाचपडत आली आणि गार काचेवर थांबली.

"हे काय रे मधे?"