अकरा घरं, एक थडगं

"कोण पुरलंय इथे?" मोजणीच्या साहेबांनी विचारलं.

"माझे वडील," वेल्डर म्हणाला आणि त्याने मान खाली घातली. मान अगदी झकास खाली गेली. सकाळपासून सराव चालला होता.

थडगं रिकामं होतं. वडील पन्नास पावलांवर, धान्याच्या कोठारात पोत्यांमागे बसले होते. चांगले ठणठणीत.

चहूकडे सपाट माळ, त्यावर अकरा घरं, एक कोठार, एक हातपंप, एक वजनकाटा. बस्स. ना कचेरी, ना नकाशावर नाव. नवा रस्ता थेट घरांवरून जाणार होता, आणि कागदावर नसलेल्या घरांना भरपाई सोडाच, साधी नोटीसही आली नव्हती. मग काटेवाल्याने कुठून तरी नियम शोधून आणला: जिथे माणूस पुरलेला असेल तिथून रस्ता नेता येत नाही. पंचाईत अशी की वस्ती नवी, इथे अजून कुणी मेलंच नव्हतं! त्यातल्या त्यात वेल्डरचे वडील अंथरुणाला खिळलेले. सगळ्यांचे डोळे त्यांच्याकडे लागले. खड्डासुद्धा खणून झाला. आणि सुनेने चमच्या-चमच्याने दूध पाजून म्हाताऱ्याला उभं केलं. "बरं झालं हो," लोक तोंडदेखलं म्हणाले.

शेवटी खड्डा तसाच बुजवला आणि वर पत्र्याची पाटी रोवली. म्हातारा हौसेने ती बघायला गेला. "वय दोन वर्षं जास्त टाकलंयस, गाढवा," एवढंच म्हणाला.

साहेबांनी मोजमाप घेतलं, वहीत लिहिलं. दोन तास गेले. इकडे कोठाराचा पत्रा तापला. म्हाताऱ्याने दम धरला, धरला, आणि शेवटी घशाला कोरड पडली तसा काठी टेकत सरळ हातपंपावर आला.

"हे कोण?" साहेबांनी विचारलं.

काका म्हणता आलं असतं. शेजारी म्हणता आलं असतं. पण वेल्डरची पार बोबडी वळली होती.

"कोणी नाही, साहेब. वाटसरू आहे."

म्हाताऱ्याने तोंडातला घोट गिळला. मग मुलाकडे बघून हळूच डोळा मारला. "पाणी प्यायला थांबलो होतो," तो साहेबांना म्हणाला. "फार चांगली माणसं आहेत हो इथली."

साहेबही भला माणूस निघाला, तिथेच घात झाला. "एवढ्या उन्हात चालत कुठे जाता, आजोबा? बसा गाडीत. शहराच्या नाक्यावर सोडतो."

नाही म्हणायची सोयच नव्हती. म्हातारा रुबाबात पुढच्या सीटवर बसला. साठ किलोमीटरचा रस्ता.

जीप दिसेनाशी झाली आणि वस्तीने जल्लोष केला. घरं वाचली होती! वेल्डरला कुणी मिठी मारली, कुणी त्याची पाठ थोपटली. त्याने घाईघाईने मोटरसायकल बाहेर काढून सुरू केली. काटेवाल्याने हँडल धरलं.

"कुठे?"

"बाबांना आणायला. नाक्यावर वाट बघत असतील."

"साहेब अजून तीनदा येणार आहे. त्याला दर खेपेला तोच वाटसरू दाखवणार का?"

अकराही घरांची माणसं मोटरसायकलभोवती येऊन उभी राहिली. आवाज कुणी चढवला नाही. वेल्डरने बायकोकडे बघितलं. दोन महिने तिने सासऱ्यांचं सगळं केलं होतं, ती तरी बोलेल असं त्याला वाटलं.

"निदान जाऊन सांगून तरी या त्यांना," ती म्हणाली. "वाट बघू नका म्हणून."

वेल्डरने जरा विचार केला. मग इंजिन बंद केलं.

"कळेल त्यांचं त्यांना," तो म्हणाला.