गजाच्या भिंतीवरची रिकामी खुर्ची

“प्रकाश कधीही खोटं बोलत नाही!” असं प्राध्यापक वामन हडपांनी परिषदेत गरजून सांगितलं, तेव्हा सगळ्यांत जोरात टाळ्या मंडपवाल्याने वाजवल्या. त्याला खुर्च्या उचलायच्या होत्या.

दुसऱ्या दिवशी हडप आजारी मित्राकडे, गजा नेन्याकडे गेले आणि दारातच थिजले.

केशरा ग्रहावर धाकट्या सूर्याच्या उन्हात थोडा वेळ स्थिर बसलं, की सावली चुन्याच्या भिंतीत मुरते आणि सकाळी उमटून आठ दिवस राहते. आजाऱ्याच्या खोलीतल्या सावल्या कुणी पुसत नाही; तेवढीच त्याला सोबत. गजाच्या भिंतीवर मेहुणा होता, शेजारीण होती. काल दुपारची मात्र नुसती खुर्ची होती, आणि तिच्याकडे लांबवलेला गजाचा हात.

“या भावजी, बसा,” प्रमिलावहिनी म्हणाल्या. “खुर्ची रिकामीच आहे. कालपासून. मी तुमच्या भरवशावर औषध आणायला गेले होते ना!”

हडपांचे कान तापले. गजाचा डोळा लागताच ते भाषणाला सटकले होते. प्रकाशाच्या वक्रीभवनाबद्दल काहीतरी ओठांवर आलं, ते त्यांनी गिळलं.

“गजा, मी पळालो रे. तू हात पुढे केलास आणि मी नव्हतो.”

“दिसतंय ते,” गजा म्हणाला. “सगळ्या गल्लीने पाहिलंय.”

हडपांनी खाली मान घालून त्याचा हात दोन्ही हातांत घट्ट धरला.

“हात सोड,” गजा कण्हला. “जरा पाठ खाजव.”