जावयाचा जामीन

सलग तीन तारखांना जावई कोर्टात आला नाही, तेव्हा त्याला जामीन राहिलेल्या सासूबाईंना, नरसव्वांना, नोटीस आली. सोलापुरात चाळीस वर्षं विड्या वळून त्यांनी दोन खोल्यांचं घर बांधलं होतं. जामिनासाठी त्याच घराचे कागद दिले होते.

"आरोपीला हजर ठेवायची हमी तुम्ही घेतली होती," न्यायाधीश म्हणाले. "त्याला आणा, नाहीतर पन्नास हजार भरा. नाही भरले तर घरावर जप्ती येईल. तो कुठे आहे, माहीत आहे?"

"नाही साहेब. मुलगी रडली म्हणून अंगठा उठवला. तिचा संसार मोडू नये, एवढंच वाटलं."

मुलगी पद्मा मागच्या बाकावर बसली होती. नवऱ्याचा रोज फोन येतो, हे तिने आईलाही सांगितलं नव्हतं. ती उठून उभी राहिली.

"साहेब, ते गुलबर्ग्याला आहेत, त्यांच्या मावशीकडे. पत्ता मी सांगते."

नरसव्वांनी मागे वळून तिला गप्प बसायची खूण केली. पद्मा सावकाश पत्ता सांगत राहिली आणि कारकून लिहून घेत राहिला.