चौथी तळटीप

पेपरची घडी उलगडून दस्तगीरचाचांनी तो नागेशच्या लॅपटॉपशेजारी ठेवला आणि ते खुर्चीत मागं रेलून बसले.

"घे. आलं छापून. आता काढ माझं नाव," ते म्हणाले.

दाराशी सारजा उभी होती. कुस्त्यांच्या मैदानात माइकवर बोलायला चाचांनीच तिला शिकवलं होतं. लोणी भापकरहून ती बारामतीत आली होती ती पिशवीत ट्रॉफी घेऊन. ट्रॉफीवर वर्ष होतं, 'सर्वोत्कृष्ट निवेदक' होतं, नाव नव्हतं. नावाचं प्रमाणपत्र पोस्टानं येणार होतं, ते अजून येतंच होतं.

सगळा घोळ एका फोटोनं घातला होता. सारजाला ट्रॉफी मिळाली तो क्रीडा सन्मान सोहळा दरवर्षी टीव्हीवर दाखवतात, पण क्रिकेटवाले येऊन बसायच्या आधी पंच, निवेदक असली किरकोळ बक्षिसं उरकून घेतात. तेव्हा कॅमेरे चालू नसतात. बक्षीस घेऊन सारजा स्टेजवरून उतरली ती थेट आपल्या वस्तादांकडं. पहिलं बक्षीस वस्तादांच्या हातात द्यायचं, ही तालमीची रीत. तिनं ट्रॉफी चाचांच्या हातात दिली आणि त्यांच्या पायावर डोकं ठेवलं. नेमका तेव्हाच कुणीतरी फोटो काढला. फोटोत हसणारे दस्तगीरचाचा, हातात ट्रॉफी, आणि खाली कुणाची तरी वाकलेली पाठ. तीन पेपरांनी तो छापला. मग इंटरनेटवरच्या ज्ञानकोशात, सोहळ्याच्या लेखात, त्या वर्षाच्या रकान्यात चाचांचं नाव तीन तळटिपांसकट जाऊन बसलं.

चाचा नाही नाही म्हणत राहिले. लोक म्हणाले, बघा, एवढा मोठा माणूस, पण गर्व कसला तो नाही.

तसं हे चालूनही गेलं असतं. पण एका चॅनेलला कुस्तीच्या लीगसाठी निवेदिका हवी होती. त्यांनी सारजाला बोलावलं, मग ज्ञानकोश उघडून बघितला आणि तिलाच खोटारडी ठरवलं. सोमवारपर्यंत दुरुस्त झालं तर या, म्हणाले.

नागेश कॉलेजात शिकवायचा आणि फावल्या वेळात ज्ञानकोशातले लेख सुधारायचा. सोहळ्याचा हा लेख त्यानंच हौसेनं वाढवत आणला होता. पण त्यानं सारजाचं नाव घातलं की कुठला तरी अनोळखी संपादक ते काढून पुन्हा चाचांचं घालायचा. पुरावा काय, म्हणून विचारायचा.

"अरं, मी सांगतूय की," चाचा गेल्या आठवड्यात त्याला म्हणाले होते. "ज्याच्या नावावर बक्षीस लिवलंय त्योच सांगतूय, मला न्हाय मिळालं. आणिक कसला पुरावा?"

"तुमचं सांगणं चालत नाही, चाचा. छापून आलेलं लागतं."

म्हणून परवा इंदापुरात लोकांनी त्यांचा सत्कार ठेवला तेव्हा चाचा मुद्दाम गेले. फेटा बांधून घेतला, नारळ घेतला, आणि माइक हातात आल्यावर, ज्या आवाजानं भरलेलं मैदान गप्प बसतं त्याच आवाजात सांगितलं, "हे बक्षीस माझं न्हाय. सारजाचं हाय." मांडवात टाळ्या थांबेनात. टाळ्या कशाला, हे चाचांना कळेना. पण समोर पत्रकार लिहून घेत होता, म्हणून त्यांनी माइक खाली ठेवला.

आता नागेशनं बातमी वाचली. मग पुन्हा वाचली.

"मोठ्यानं वाच की. चष्मा न्हाय आणला मी."

"'पुरस्कार माझा नव्हे, शिष्येचा,'" नागेशनं वाचलं. "'पुरस्कारविजेते निवेदक दस्तगीर यांच्या मनाचा मोठेपणा.'"

चाचांनी पेपर हातात घेतला, उलटा-सुलटा करून बघितला आणि परत ठेवला.

नागेशनं लॅपटॉप त्यांच्याकडं फिरवला आणि वाचून दाखवलं. सकाळीच कुणीतरी ही बातमी लेखात घातली होती. चाचांच्या नावापुढं आता चौथी तळटीप होती. खाली एक नवं वाक्य होतं : हा पुरस्कार त्यांनी आपल्या शिष्येला अर्पण केला. शिष्येचं नाव नव्हतं. 'या माहितीबद्दल शंका आहे' ही नागेशनं लावलेली सूचना काढून टाकलेली होती.

"मग मी परत सांगतो," चाचा म्हणाले. "हितं बारामतीत सांगतो. माळेगावात कारखान्याच्या गेटवर हुबा राहून सांगतो."

"तुम्ही जेवढं सांगाल तेवढे मोठे व्हाल, चाचा."

"मग हिला सांगू दे."

"मी काय सांगू, वस्ताद?" सारजा पहिल्यांदाच बोलली. "वस्तादांचं बक्षीस माझं हाय, असं? कुठल्या मैदानात हुबं करतील मग मला?"

चाचांना रडावंसं वाटलं. माइकवर कधी खोटं बोलायचं नाही, पडलेल्याला पडला म्हणायचं, हे त्यांनीच तिला शिकवलं होतं. आणि आज त्यांचा खरा शब्द कुणी घेत नव्हतं.

नागेशनं लॅपटॉप मिटला. सारजानं पिशवी उचलली.

"निघते. काटेवाडीत कुस्त्या हायत संध्याकाळी," ती म्हणाली. पुढं आली आणि सवयीनं पाया पडायला खाली वाकली.

चाचांनी दोन्ही पाय झटक्यानं खुर्चीवर ओढून घेतले.

"वाकू नगंस," ते म्हणाले. "हुबी ऱ्हा, पोरी. तोंड दिसू दे तुजं."